पिसारो नावाचा मासा

नांदगाव
९ जानेवारी २०२५

चंद्रावती विहीणबाईंना नांदगावच्या मथुरेचा नमस्कार.

तुमचं माशांचं खोकं काल पोचलं. दत्तारामाचा टेम्पो आमच्या वळणावर हॉर्न वाजवतो, तेव्हा माझ्याआधी वाडीतली मांजरं दाराशी हजर असतात. बांगडे ताजे होते, हे कबूल करते. कुणाचं भांडं रिकामं परत पाठवायची आमच्याकडे पद्धत नाही, म्हणून खोक्यात आमच्या बचत गटाचे तांदळाचे पापड घातले आहेत. पन्नास आहेत. कच्चे आहेत, टेम्पोत धक्के खाऊन मोडले असतील तर दत्तारामाला बोला, मला नको.

फोन असताना ही बाई पत्र का लिहिते, असं तुम्हाला वाटेल. माझा उजवा कान कामातून गेलाय, डाव्यालाही जेमतेम येतं. फोन स्पीकरवर टाकल्याशिवाय मला ऐकू येत नाही, आणि स्पीकरवर टाकला की तुमची लेक पलंगावरून सगळं ऐकते. खोक्यातलं पत्र मात्र तिच्या हाती लागायचं नाही. पाचवा महिना लागला तरी कच्च्या माशाच्या वासाने तिला उमळून येतं, खोकं आलं की दहा हात लांब. म्हणून तुम्हीही उत्तर खोक्यातूनच द्या. प्लास्टिकच्या पिशवीत घालून द्या, ही हात जोडून विनंती.

आता मुद्द्याचं. समीक्षाचं वजन महिन्यात दीड किलो उतरलंय. कणकवलीच्या डॉक्टरांनी पलंग सोडायचा नाही असं बजावलंय, प्रवासाचं तर नावच नको. मार्चच्या तपासणीपर्यंत वजन चढलं नाही तर दवाखान्यात ठेवावं लागेल, बाळाची वाढ खुंटते आहे, असं तोंडावर सांगितलं. ती खाते काय, तर दोन चमचे पेज. काल मी शेवटी विचारलं, "बाये, तुका खावासा वाटता तरी काय?" तर म्हणाली, "आई, माका पिसारो होयो."

मला वाटलं तापात बोलते. पण नाही. म्हणे मासा आहे. म्हणे तिचे बाबा आणायचे. पाठीवर निळा पिसारा, तो मोरासारखा उघडतो.

मी शेतकऱ्याच्या घरातली बाई, मला बांगडा, सुरमई, पेडवा आणि तारली एवढेच मासे नावानिशी ओळखता येतात. तुमचा पाय प्लास्टरात आहे हे माहीत आहे, तेव्हा तुम्ही धावपळ करू नका. स्वरूपला सांगा. बहिणीसाठी एवढं करेल तो.

लग्नात भर मांडवात माझ्या पैठणीला तुम्ही "मांदेलीचो रंग" म्हणालात, ते मी विसरलेले नाही. पण हा प्रश्न नातवंडाचा आहे.

मथुरा


देवबाग
१४ जानेवारी

विहीणबाई,

खोक्याचं झाकण उघडताना आधी नाक धरा आणि मग हे पत्र वाचा.

माझी पोर उपाशी आहे हे वाचून माझा पाय प्लास्टरातल्या प्लास्टरात नाचला. जेटीवर घसरले तो दिवस आठवला की अजून स्वतःचा राग येतो. तीस वर्षं त्या पायऱ्यांवरून माशांची टोपली डोक्यावर घेऊन गेले, आणि पडले कधी, तर पर्यटकांना फोटोसाठी वाट देताना.

पिसाऱ्याचं काय विचारता. समुद्रात पंखवाले, परवाले मासे काही थोडे आहेत का? तुमच्याकडे आंब्याच्या जाती, तसे आमच्याकडे हे. आज दोन उडते मासे पाठवते. हे किनाऱ्याला येत नाहीत, लांब निळ्या खोल पाण्यात राहतात. मोठा मासा मागे लागला की पाण्यातून वर झेप घेतात आणि बाजूचे पंख पसरून होडीच्या पुढून तरंगत जातात. स्वरूपच्या मित्राच्या होडीत आपणहून येऊन पडले, जाळ्याचे कष्टसुद्धा दिले नाहीत. पंख उघडून बघा, काचेसारखे आहेत. तिला आधी दाखवा आणि मग तळा.

तुमच्या पैठणीबद्दल तेव्हाही मी चांगलंच बोलले होते. मांदेलीला तुम्ही कमी लेखता, त्याला मी काय करू.

चंद्रावती


नांदगाव
१९ जानेवारी

विहीणबाई,

उडते मासे तळून, ताटात पंख पसरून, लिंबाची फोड लावून समीक्षापुढे ठेवले. तिने एकदा बघितलं आणि तोंड फिरवलं. "ह्यो नाय. ह्याचे पंख बाजूक आसत. पिसाऱ्याचो पिसारो पाठीर आसता." शेवटी कौस्तुभच्या बाबांनी दोन्ही खाल्ले आणि दिवसभर अंगणात "आता उडतंय बघ" करत फिरत होते. घरात एक आजारी माणूस पुरे असताना हे दुसरं.

तुम्ही सांगता त्याप्रमाणे समुद्रात खूप जाती असतीलही. पण तुमच्या नवऱ्याने लेकीला जो मासा खाऊ घातला, तो तुम्ही बघितला नाहीत असं कसं होईल? एकाच चुलीवर शिजला ना? जरा आठवा. तिला विचारलं तेव्हा ती म्हणाली, पिसारो देवबागच्या टोकाला राहतो, जिथे कर्लीची खाडी समुद्राला मिळते तिथे. अर्धा दिवस गोड्या पाण्यात, अर्धा दिवस खाऱ्यात. आणि तो फक्त भात संपवणाऱ्याच्या घरीच येतो. हे शेवटचं तुमच्या यजमानांनी सांगितलेलं दिसतं.

खोक्यात कुळथाचं पीठ आहे.

मथुरा


देवबाग
२७ जानेवारी

विहीणबाई,

कुळथाच्या पिठाची पिठी केली, वर ओलं खोबरं घातलं. तुमच्या हाताला चव आहे, पण स्वभावाला थोडं मीठ जास्त आहे.

नवऱ्याने काय शिजवलं हे बायकोला ठाऊक असलंच पाहिजे, असं तुमच्याकडे असेल. मी भल्या पहाटे टोपली घेऊन मालवणच्या बाजारात जायची ती दुपारी यायची. मधल्या वेळात बापलेक काय करत होते, ते ते आणि रवळनाथ जाणे.

आजच्या खोक्यात एका मोठ्या माशाचा नुसता पर आहे. मासा माणसाहून लांब, तोंडाला भाल्यासारखं टोक. स्वरूप त्याला सेलफिश म्हणतो. भर समुद्रात राहतो. वेगाने जाताना पाठीवरचं हे शीड मिटून खाचेत घालतो आणि बारीक मासळीचा थवा वळवायचा असला की उघडतो. निळा आहे, वर काळे ठिपके आहेत, मोर याहून वेगळा काय असतो? खोल समुद्रातली होडी आली होती, ती चालवणाऱ्या तांडेलाकडून मागून आणला. उन्हात वाळवला आहे, तरी वास येईल.

सोबत स्वरूपने पाण्याखाली काढलेला फोटो आहे. सिंधुदुर्ग किल्ल्याच्या बाजूला खडकांच्या कपारीत हा मासा असतो, स्वरूप पर्यटकांना तो दाखवायला नेतो. तांबडे-पांढरे पट्टे आणि अंगभर पंखे उघडलेले. हा फक्त फोटोतच बघा. त्याच्या काट्यात विष असतं, हात लागला तर खांद्यापर्यंत ठणकतो. नटूनथटून बसलेलं आणि जवळ गेलं की टोचणारं, असं काही मी बघितलं की मला उगाच तुमची आठवण येते.

चंद्रावती


नांदगाव
१ फेब्रुवारी

विहीणबाई,

शेवटचं वाक्य मी तीनदा वाचलं आणि चौथ्यांदा कौस्तुभच्या बाबांना वाचून दाखवलं. ते हसले. त्यांना आज पिठलंच मिळेल.

तो पर समीक्षाने लांबून, नाकाला पदर लावून बघितला. म्हणाली, "एवढो मोठो नाय गो आई. पिसारो माझ्या ताटलीत मावायचो." फोटो बघून म्हणाली, "ह्याका बघूनच टोचता." पर आता पडवीत टांगला आहे. परवा ग्रामसेवक आले होते, त्यांना तो चादरीचा तुकडा वाटला.

तिने आज फक्त अर्धी वाटी पेज घेतली. रात्रंदिवस मला तेच दिसतं, तिचं मनगट. बांगडी कोपरापर्यंत सरकते. मी तिची आई नाही, सासू आहे, आणि माझ्या घरात ती सुकत चालली असं उद्या सगळे म्हणतील. पण ते मेलं जाऊ दे, मलाच बघवत नाही. तुमच्याशी भांडायला मला वेळ आहे, तिला नाही. तुम्ही काहीतरी लपवता आहात असं मला वाटायला लागलंय.

आमसुलं पाठवते.

मथुरा


देवबाग
८ फेब्रुवारी

विहीणबाई,

लपवेन कशाला. हे घ्या, यावेळी मासा जिवंतच पाठवते.

खोक्यात मडकं आहे, मडक्यात खाडीचा ओला चिखल आणि त्यात सहा निवट्या. झाकणाला भोकं पाडली आहेत. निवटी हा मासा असून पाण्यात कमी आणि चिखलात जास्त असतो. कर्लीला ओहोटी लागली की कांदळाच्या झाडांच्या मुळांशी शेकडोंनी बाहेर येऊन बसतात. पुढच्या दोन परांवर हातासारखा जोर देऊन सरपटतात. नराला मादी बोलवायची असली की तो पाठीवरचा निळसर पंखा ताठ उभा करतो आणि चिखलातून उड्या मारतो. तुमचा कौस्तुभ लाल शर्ट घालून आमच्या घरासमोरून बाईकवर फेऱ्या मारायचा, तेव्हा समीक्षाचे बाबा, आमचे गुणाजी, असते तर त्यांनी त्याला निवटीच म्हटलं असतं.

खाडीतला आहे, ताटलीत मावतो, पंखा पाठीवर आहे. आता तरी पटेल. झाकण हळू काढा.

चंद्रावती


नांदगाव
१२ फेब्रुवारी

चंद्रावतीबाई,

झाकण हळू काढा म्हणालात. दत्तारामाने मडकं आडवं ठेवलं होतं. मी खोकं उघडलं तेव्हा मडक्यात चिखल होता आणि मासे माझ्या स्वयंपाकघरात होते.

एक पाट्यावर. एक पिण्याच्या पाण्याच्या हंड्यामागे. दोन न्हाणीच्या ओल्या भिंतीवर चढून बसलेल्या. कौस्तुभचे बाबा आंघोळीला गेले आणि आतून ओरडले, "अगो, पाल बघ पाल! पंखो उघडून माझ्याकडे बघता!" आणि तसेच, आहे त्या टॉवेलात, समीक्षाच्या खोलीपर्यंत धावत आले. पाचवी निवटी तुळशीच्या कठड्यावर ध्यान लावून बसलेली होती. सहावी अजून सापडलेली नाही. मी रोज रात्री उशी झटकून झोपते.

पाच जणांना बादलीत घालून कौस्तुभने परत दत्तारामाकडे दिलंय. त्यांना त्यांच्या चिखलात सोडा. तळायची माझी हिंमत झाली नाही, त्या डोळ्यांकडे बघून.

पण हे सांगायलाच हवं, समीक्षा हसली. महिन्याभरात पहिल्यांदा, पोट धरून हसली. डॉक्टरांनी हालायचं नाही सांगितलंय हे मी ओरडून सांगत होते तरी हसत होती. त्या दिवशी ती पेज वाटीभर जेवली. दुसऱ्या दिवशी परत दोन चमच्यांवर.

मी तिच्या उशाशी बसले. म्हटलं, पिसारो कसा लागायचा ते तरी सांग. तर म्हणाली, मासा मऊ. पण पिसारा कुरकुरायचा, आणि जिभेवर ठेवला की विरघळायचा. बाबा मागच्या दारी चूल मांडून एकटेच तळायचे. मासा कढईत जाताना पिसारा मिटलेला असायचा आणि तेलात पडला की तिच्या डोळ्यांदेखत फुलून उभा राहायचा.

चंद्रावतीबाई, मी तीस वर्षं पापड करते आहे. तेलात पडल्यावर फुलून उठतं आणि जिभेवर विरघळतं, ते काय असतं हे मला समुद्राच्या बाईने शिकवायची गरज नाही. पहिल्या खोक्यात मी तुम्हाला पन्नास पापड पाठवले. तुम्ही कुळथाच्या पिठाबद्दल लिहिलंत, माझ्या स्वभावातल्या मिठाबद्दल लिहिलंत, मांदेलीबद्दल लिहिलंत. पापडांबद्दल आजपर्यंत एक अक्षर नाही.

मासा तुमच्याकडचा असेल. पिसारा माझ्याकडचा आहे. आता खरं काय ते लिहा.

मथुरा


देवबाग
१५ फेब्रुवारी

मथुराबाई,

पकडलंत मला. माझ्या आयुष्यात मला फक्त कस्टमवाल्यांनी एकदा पकडलं होतं, तेही चुकून.

समीक्षा सहा वर्षांची होती. टायफॉइड झाला. ताप उतरला, पण तोंडाची चव गेली ती गेली. बारा दिवस तिने अन्न शिवलं नाही. मी बाजारात जायची आणि बाकीच्या बायका भाव सांगायच्या तेव्हा टोपलीआड डोळे पुसायची. तेराव्या दिवशी घरी आले तर पोर भिंतीला टेकून बसलेली, समोर ताट चाटूनपुसून लख्ख. म्हणाली, "आये, बाबांनी पिसारो आणलेल्यान. तेलात जाऊन पंखो उघडल्यान." मागच्या दारी गुणाजी कढई घासत होते. बोटं निळीशार. मी विचारलं, हे काय, तर म्हणाले, "जेवलां ना चेडू? मगे गप रव."

मी गप्प राहिले. पण चुलीपाशी मला पापडाचा चुरा दिसला, आणि कुंपणावरच्या निळ्या गोकर्णीला एक फूल उरलं नव्हतं. मासा होता साधी मुडदुशी. रापणीत, म्हणजे सगळी वाडी मिळून किनाऱ्यावरून ओढते त्या जाळ्यात, त्यांच्या वाट्याला चार आल्या होत्या. मुडदुशी किनाऱ्याजवळ वाळूत तोंड खुपसून राहते, तिला ना रंग ना दिमाख, आजारी माणसाला आणि बाळंतिणीला द्यायचा मासा. तिच्या पाठीला त्यांनी निळा पापड लावला. पुढे ती बारा वर्षांची होईपर्यंत दर वाढदिवसाला पिसारो यायचा. मी मुद्दाम त्या वेळी बाहेर जायची.

सात वर्षं झाली त्यांना जाऊन. समीक्षाला बापाच्या पुष्कळ गोष्टी आठवतात, पण त्यातली सगळ्यात मोठी हीच. मी जर लिहिलं असतं की असा मासाच नाही, तर ती बापाला खोटारडा म्हणाली नसती, मला माहीत आहे. पण तिचा मासा मेला असता. म्हणून मी खरे मासे पाठवत राहिले, वाटलं एखादा तिला पटून जाईल.

आणि तुमचे पापड. पत्र वाचलं त्याच दिवशी मी खुर्चीवर पाय टाकून कढई मांडली. पापड मुडदुशीला लागेचना. कधी तेलात सुटून पळाला, कधी मासा उलटला, एकदा माझ्या प्लास्टरवर पेटता येऊन पडला. अडतीस पापड मेले. बाकीचे बारा मी रागाने खाल्ले. चांगले होते. तो पिसारा त्यांनी कसा बसवला, ते मला येत नाही. विचारायला हवं होतं. तेव्हा वाटलं, राहू दे त्या दोघांचं. आता विचारायला माणूस नाही.

मला आता तुमच्याशिवाय कुणी नाही, मथुराबाई.

चंद्रावती


नांदगाव
२० फेब्रुवारी

चंद्रावतीबाई,

तुमचं पत्र गोठ्यात बसून वाचलं. पदर ओला झाला, त्याचा दोष मी बांगड्यांच्या पाण्याला दिला.

आता रडणं बंद. अडतीस पापड तुम्ही वाया घालवलेत कारण तुम्ही वाळलेले पापड लावलेत. वाळलेला पापड कशालाही चिकटत नाही, हे आमच्या गटातल्या नव्या बाईलाही माहीत असतं. मी चार दुपारी प्रयोग केले, समीक्षा झोपते त्या वेळात, मागच्या पडवीत. बाजारातले बांगडे वापरले. काय काय झालं ते सांगते.

गोकर्णीची फुलं शेजारच्या अनुजाच्या कुंपणावरून आणली, पूजेला हवीत म्हणून. तिने विचारलं, एवढी कसली पूजा. पहिल्या पिठात सवयीने पापडखार टाकला, तर निळा रंग हिरवा झाला. पिसारो हिरवा नव्हता. दुसऱ्यात खार टाकला नाही. लाटून, अर्धा वाळला की मोराच्या पंख्यासारखा कातरला आणि चुण्या घालून मिटला. खालची कड जाड ठेवली. माशाच्या पाठीला डोक्यापासून शेपटीपर्यंत चीर दिली, कड आत बसवली, तांदळाच्या दाट खळीने लिंपली आणि तासभर उन्हात ठेवला. उन्हात ठेवायला सूप घेऊन मी स्वतः राखण बसले, कारण मांजरं.

तळताना तुम्ही मासा कुशीवर सोडला असणार, तिथे चुकलं. डोकं आणि शेपूट दोन हातांनी धरायची आणि आधी पाठ तेलात. पिसारा फुलला की मग उलटायचा. माझ्या दोन्ही अंगठ्यांना चटका बसला आहे. तुमच्या यजमानांच्या हाताला घट्टे असतील, म्हणून त्यांना जमलं.

पाचव्या वेळी फुलला. मी एकटीच होते आणि तोंडातून "अगो बाय माझे" निघून गेलं. कौस्तुभचे बाबा विचारायला आले, तर मी त्यांना गुरांना पाणी दाखवायला पाठवलं.

फक्त तुमच्या मुडदुशी हव्यात. तपासणी आठ मार्चला आहे. आंगणेवाडीच्या जत्रेत दत्तारामाचा टेम्पो माणसं वाहणार, म्हणजे चार दिवस येणार नाही. जत्रा संपल्यावर पहिल्या फेरीला पाठवा.

मथुरा


देवबाग
२६ फेब्रुवारी

मथुराबाई,

मुडदुशी आठ आहेत. आज सकाळची रापण. वाडीतल्या सगळ्यांनी ओढली, आणि कशासाठी हव्यात ते स्वरूपने न सांगताच लोकांनी चांगल्या-चांगल्या वेचून दिल्या. खवलं काढली आहेत, चीर तुम्ही द्या.

दोन गोष्टी लक्षात ठेवा. तिला कढईसमोर बसवा, फुलताना दिसला पाहिजे. आणि भात आधी वाढा. पिसारो भात संपवणाऱ्याकडेच परत येतो, हे सांगायला विसरू नका. बापाची अट आहे.

माझा जीव खोक्यात घालून पाठवते आहे.

चंद्रावती


नांदगाव
९ मार्च

चंद्रावतीबाई,

आधी हे वाचा: वजन एक किलो चारशे ग्रॅम चढलं. डॉक्टर म्हणाले, दवाखान्यात राहायची गरज नाही, जे चाललंय ते चालू ठेवा. काय चाललंय, ते विचारलं तेव्हा मी म्हटलं, मासे.

पहिल्या दिवशी कौस्तुभने तिची खुर्ची पडवीत आणून ठेवली. मी मासा तेलात धरला. पिसारा उघडायला लागला, तडतड करत, एकेक सुरकुती सुटत गेली. ती नुसती बघत होती, सहा वर्षांच्या पोरीसारखी. मग म्हणाली, "आई, ह्यो तोच." भात संपवला. शीतसुद्धा ठेवलं नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी मला विचारते, आज पिसारो येतलो काय? मी म्हटलं, भात किती खातंस त्याच्यावर आसा. आठ मुडदुशी संपल्या तेव्हा ती बांगड्यावर आली, आता तर दोन वेळ डाळभातसुद्धा जेवते.

एकच काळजी. तिला संशय आला असेल का हो? मी विचारलं, पिसारो मिळाला कुठे ते नाही विचारलंस? तर म्हणाली, "माका म्हायत आसा ना, खाडी समुद्राक मिळता थंय." आणि माझ्याकडे बघून हसली. मला काही कळलं नाही. तुम्ही आई आहात, तुम्हाला कळेल.

सातव्याची ओटी भरायची आहे, सोळा तारखेला. प्लास्टर निघालं असेल तर या. नसेल निघालं तर प्लास्टरासकट या. दत्ताराम पुढच्या सीटवर बसवून आणेल, आडवं ठेवू नको म्हणून सांगते त्याला.

ओले काजू पाठवते आहे.

मथुरा

ता. क. सहावी निवटी सापडली. विहिरीजवळच्या अळवात, चिखलात बसलेली असते. आपल्याकडे बघून पंखा उभारते. कौस्तुभचे बाबा तिच्याशी गप्पा मारतात.


नांदगाव
९ मार्च

आये,

हे पत्र खोक्यात तळाशी, काजूंच्या पिशवीखाली ठेवते आहे. आज पहिल्यांदा खोक्याजवळ गेले. वास आला, पण उमळलं नाही.

तुमची पत्रं मी वाचलेली नाहीत. म्हणजे सगळी नाही. दोनच, आईंच्या पदरातून माझ्या खोलीत पडलेली.

पण त्याआधीपासून मला माहीत होतं. आईंची बोटं आठवडाभर निळी होती. त्या पदरात लपवायच्या, मी विचारलं तर म्हणाल्या शाई सांडली. तशीच निळी बोटं मी आधी बघितली होती. टायफॉइडच्या त्या दिवशी मी पाण्यासाठी उठले होते, आणि मागच्या दाराच्या फटीतून बाबा दिसले. मांडीवर मुडदुशी घेऊन तिला पापड लावत होते. तो पडायचा, ते त्याला शिव्या घालायचे, परत लावायचे. कितीतरी वेळ. मग मी हळूच येऊन अंथरुणात डोळे मिटून पडले. एवढा मोठा माणूस माझ्यासाठी उन्हात बसून माशाला पिसारा लावतो आहे, आणि मी जेवणार नाही असं कसं होईल?

पापड लावलेली मुडदुशी होयी, असं मी आईंना सांगितलं असतं तर त्यांनी लगेच केली असती. पण ती माझ्या घशाखाली उतरली नसती, आये. पिसारो तसा येत नाही. कुणीतरी आपल्यासाठी चोरून, मन लावून खोटं बोलावं लागतं. बाबा गेल्यापासून तसं कुणी बोललं नव्हतं. आता दोघीजणी बोललात.

आईंना सांगू नकोस. मला काही कळलेलं नाही असं त्यांना वाटतंय आणि त्या इतक्या खुश आहेत की परवा गुणगुणत होत्या, तेही बऱ्या कानाने ऐकू येईल एवढ्या मोठ्याने.

आणि बाळाला मी पिसारो खराच आहे असं सांगणार आहे.

तुझी
समीक्षा


देवबाग
१२ मार्च

मथुराबाई,

संशय? कसला संशय! आमचं चेडू लहानपणापासून भोळं आहे. बापाने सांगितलं तेही खरं मानलं, तुम्ही केलंत तेही खरं मानलं. तुम्ही अगदी निर्धास्त राहा. फक्त बोटं नीट धुवा, लिंबू लावून.

प्लास्टर काल निघालं. पाय बारीक झालाय, पण ओटी भरायला पायाचं काय काम. सोळाला येते. दत्तारामाशी बोलणं झालंय, उभीच ठेवणार आहे मला.

खोक्यात मांदेली आहे. तळण्याआधी एकदा उन्हात धरून बघा, कसं सोनं चमकतं ते. त्या दिवशी मांडवात तुम्हाला बघितलं तेव्हा मला तेच सुचलं होतं आणि तोंडून निघून गेलं. काल स्वरूपला मालवणला पाठवून त्याच रंगाची साडी आणवली आहे. ओटीला तीच नेसून येते. तुम्हीही तुमची पैठणी काढा. कुणी काही म्हणालं तर आपण दोघी मिळून बघून घेऊ.

तुमची
चंद्रा